दोलोरेस देल रिओचे चित्रपट: वाचकांचे प्रश्न

मेक्सिकन अभिनेत्री दोलोरेस देल रिओ (१९०४–१९८३) हिच्या स्पॅनिश चित्रपटांबद्दल आलेल्या पत्रांतले निवडक प्रश्न या वेळी घेतले आहेत. हे चित्रपट आता आंतरजालावर आणि डिस्कवर सापडतात. त्यामुळे काही प्रश्न तिच्या कारकिर्दीबद्दल आहेत, तर काही ते नीट पाहायचे कसे याबद्दल.

‘नीचा नगर’ला कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला हे ठाऊक आहे. त्याच वर्षी दोलोरेसच्या ‘मारिया कांदेलारिया’लाही तोच मिळाला असं वाचलं. एकच पुरस्कार दोघांना कसा? (सांगली)

दोघांना नव्हे, अकरा जणांना. कानचा पहिला महोत्सव सप्टेंबर-ऑक्टोबर १९४६ मध्ये भरला आणि ‘ग्रां प्री’ अकरा देशांच्या अकरा चित्रपटांना विभागून दिलं गेलं. भारताचा चेतन आनंद यांचा ‘नीचा नगर’, मेक्सिकोचा एमिलिओ फर्नांदेस यांचा ‘मारिया कांदेलारिया’, इटलीचा रॉसेलिनी यांचा ‘रोम, ओपन सिटी’, ब्रिटनचा डेव्हिड लीन यांचा ‘ब्रीफ एन्काउंटर’, अमेरिकेचा बिली वाइल्डर यांचा ‘द लॉस्ट वीकेंड’ हे सगळे त्याच पंगतीतले. त्यामुळे ‘सर्वोच्च’ म्हणणं बरोबर आहे, ‘एकमेव’ म्हणू नये. ‘पाम दोर’ तर मुळीच म्हणू नये, तो पुरस्कार १९५५ मध्ये सुरू झाला.

दोलोरेसला त्या वर्षी अभिनयाचं पारितोषिक मिळाल्याचा उल्लेख कुठे दिसला तर तो चुकीचा समजा. अभिनेत्रीचा पुरस्कार फ्रान्सच्या मिशेल मॉर्गनला होता. ‘मारिया कांदेलारिया’ला मिळालेला दुसरा पुरस्कार छायाचित्रणाचा, गाब्रिएल फिगेरोआ यांचा. दोलोरेस स्वतः कानला परीक्षक म्हणून बसली ती १९५७ मध्ये.

हॉलिवूडमध्ये एवढं नाव असताना ती मेक्सिकोला का परतली? तिथे कामं मिळेनाशी झाली म्हणून का? (नाशिक)

कामं कमी झाली होती हे खरं, पण तेवढ्यावर उत्तर संपत नाही. तिला कामं कुठली मिळत होती ते आधी पाहा. १९२५ मध्ये दिग्दर्शक एडविन कॅर्यू यांनी तिला हॉलिवूडला नेलं. चित्रपट तेव्हा मूक होते, त्यामुळे नटीची भाषा कोणती याला महत्त्व नव्हतं. १९२६ च्या ‘व्हॉट प्राइस ग्लोरी’त ती फ्रेंच मुलगी झाली. १९२७ मध्ये टॉलस्टॉयच्या ‘रिझरेक्शन’मधली रशियन कात्यूशा आणि स्पेनची कारमेन, १९२८ मध्ये कॅलिफोर्नियातली अर्धी आदिवासी रमोना, १९३२ च्या ‘बर्ड ऑफ पॅरडाइज’मध्ये पॉलिनेशियन राजकन्या, १९३३ च्या ‘फ्लाइंग डाउन टू रिओ’त ब्राझीलची तरुणी. ‘परदेशी सुंदरी’ हा एक साचा होता आणि देश तेवढा बदलत होता. मेक्सिकन बाईची, तिच्या स्वतःच्या मातीतली, भरीव भूमिका या यादीत शोधूनही सापडत नाही. बोलपट आल्यावर तिच्या उच्चारांमुळे तो साचा आणखी घट्ट झाला. ‘फ्लाइंग डाउन टू रिओ’त श्रेयनामावलीत पहिलं नाव तिचं आहे, पण लोकांच्या लक्षात राहिली ती त्यात पहिल्यांदा एकत्र नाचलेली फ्रेड अस्टेअर आणि जिंजर रॉजर्स ही जोडी.

१९४१ पर्यंत कला-दिग्दर्शक सेड्रिक गिबन्सशी (ऑस्करची बाहुली रेखाटणारे ते हेच) झालेलं लग्न मोडलं होतं. दिग्दर्शक-अभिनेता ऑर्सन वेल्सशी असलेलं नातंही फार टिकलं नाही. १९४२ मध्ये ती परतली.

परतली ती नेमक्या वेळी. मेक्सिको मे १९४२ मध्ये दोस्तराष्ट्रांच्या बाजूने युद्धात उतरला आणि अमेरिकेने त्याला कच्ची फिल्म पुरवली. तटस्थ राहिलेल्या अर्जेंटिनाचा पुरवठा मात्र आवळला. तोवर स्पॅनिश भाषेतल्या बाजारपेठेत अर्जेंटिना मोठा स्पर्धक होता. फिल्मच मिळेना म्हटल्यावर त्याचं उत्पादन घसरलं आणि लॅटिन अमेरिकेतली चित्रपटगृहं मेक्सिकन चित्रपटांना मोकळी झाली. त्याच वर्षी चित्रपटांना कर्ज देणारी ‘बांको सिनेमातोग्राफिको’ ही बँकही मेक्सिकोत उभी राहिली. भांडवल, कच्चा माल आणि तयार तंत्रज्ञ असं सगळं एकाच वेळी जुळून आलं होतं. अशा वेळी जगभर चेहरा ओळखीचा असलेली नटी निर्मात्यांना हवीच होती. आमच्या मते तिची खरी कारकीर्द इथून, वयाच्या अडतिसाव्या वर्षी सुरू होते. आधीची सतरा वर्षं तिने कॅमेऱ्यासमोर कसं उभं राहायचं ते शिकून घेतलं.

‘मारिया कांदेलारिया’त एकोणचाळीस वर्षांची, श्रीमंत घरातली बाई गरीब आदिवासी तरुणी झाली आहे. हे पटतं का? (पुणे)

वयाचा हिशेब बरोबर आहे. तिचा जन्म ३ ऑगस्ट १९०४ चा, दुरांगोच्या एका बँकरच्या घरातला. चित्रपटाचं चित्रीकरण १९४३ चं. आदिवासींचं असं गोंडस, गोरंगोमटं चित्र उभं करण्यावर मेक्सिकोतही टीका झाली आणि ती टीका रास्त आहे. हा चित्रपट आदिवासींच्या जगण्याची नोंद म्हणून पाहू नका.

तरी तो मनात घर करतो, त्याचं कारण अभिनयातला मोजकेपणा. गोष्ट १९०९ मधली, मेक्सिकन क्रांतीच्या आदल्या वर्षीची. जागा सोचिमिल्को, म्हणजे मेक्सिको शहराच्या दक्षिणेला कालव्यांमधल्या लहान लहान शेततुकड्यांचा प्रदेश. मारियाच्या आईने देहविक्रय केला होता म्हणून गावाने मुलीलाही वाळीत टाकलं आहे. ती फुलं विकून पोट भरू पाहते. फुलांनी भरलेली होडी घेऊन ती निघते आणि गावकऱ्यांच्या होड्या कालवा अडवून उभ्या राहतात. इथे दोलोरेसकडे नीट पाहा. ती विनवणी करत नाही, हातवारे करत नाही. नजर खाली, चेहरा जवळजवळ स्थिर. मूकपटातली नटी असूनही तिने मूकपटातले मोठे हावभाव वापरले नाहीत. तिथून तिने एवढंच आणलं की क्लोजअपमध्ये चेहरा किती कमी हलवला तरी पुरतो.

पुढची गोष्ट दोन वस्तूंवर चालते. एक, मारिया आणि लोरेन्सो राफाएल (पेद्रो आर्मेन्दारिस) यांनी लग्नाच्या खर्चासाठी वाढवलेलं डुकराचं पिल्लू. दुसरी वस्तू क्विनाइन. मलेरियाची साथ येते आणि सरकारने वाटायला दिलेलं औषध दुकानदार दोन दामिआन अडवून धरतो. लोरेन्सो रात्री दुकान फोडून औषध आणतो आणि त्यासोबत मारियासाठी एक पोशाखही उचलतो. औषधाची चोरी समजण्यासारखी आहे, पोशाखामुळे तो खरोखर चोर ठरतो. पटकथेतली ही बारीक गोष्ट कौतुकाची आहे. एरवी मेलोड्रामा नायकाला इतका डाग लागू देत नाही. शेवट इथे सांगत नाही.

हॉलिवूडचा रंगरंगोटीचा चेहरा पुसायला फर्नांदेस यांनी काय काय केलं तेही पाहता येतं. दोन वेण्या, डोक्यावरून घेतलेला रेबोसो (लांब शाल), अनवाणी पाय. रेबोसोच्या गडद कडेमुळे चेहऱ्याभोवती आपोआप चौकट तयार होते आणि सगळं लक्ष डोळ्यांवर आणि गालाच्या हाडांवर जातं.

मी कृष्णधवल छायाचित्रण करतो. फिगेरोआंचं आकाश इतकं काळं आणि ढग इतके पांढरे कसे? मोबाइलवर तसं करता येईल का? (कोल्हापूर)

कृष्णधवल पॅनक्रोमॅटिक (सगळ्या रंगांचा प्रकाश टिपणाऱ्या) फिल्मला निळा रंग नको इतका उजळ दिसतो. त्यामुळे निळं आकाश आणि पांढरे ढग एकाच फिकट छटेत मिसळून जातात. लेन्सपुढे रंगीत फिल्टर लावला की तो निळा प्रकाश अडवतो, आकाश गडद होतं. ढगांत सगळेच रंग असल्याने ते उजळच राहतात. पिवळा फिल्टर थोडा परिणाम देतो, नारिंगी जास्त, लाल सर्वांत जास्त. फिगेरोआ गडद फिल्टर वापरत. शिवाय क्षितिज चौकटीत खूप खाली ठेवत, त्यामुळे दोन तृतीयांश पडदा आकाशाला मिळे.

याची किंमत मोजावी लागते. पिवळा फिल्टर साधारण एक स्टॉप प्रकाश खातो (एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा), लाल तीन स्टॉप, म्हणजे आठपट उजेड लागतो. मेक्सिकोच्या पठारावरचं ऊन तेवढं पुरवतं. ढगाळ, पांढुरक्या आभाळात मात्र लाल फिल्टरचा काही उपयोग नाही, कारण अडवायला निळा रंगच नसतो. क्षितिजालगत आणि सूर्याच्या दिशेनेही आकाश फिकट असतं, तिथेही परिणाम कमी. सूर्य पाठीशी किंवा बाजूला ठेवा.

दुसरी अडचण चेहऱ्याची. लाल फिल्टरमध्ये लाल वस्तू उजळ होतात. ओठ फिके पडून चेहऱ्यात विरून जातात, गव्हाळ त्वचाही पांढरट दिसू लागते. म्हणून गडद आकाश आणि नटीचा क्लोजअप एकाच फिल्टरने घेतला तर रंगभूषा वेगळी करावी लागते, किंवा क्लोजअपला हलका फिल्टर लावावा लागतो. दोलोरेसचे दूरचे आणि जवळचे शॉट शेजारी शेजारी थांबवून पाहिलेत तर तिच्या ओठांची छटा कुठे कशी बदलते ते तपासता येईल.

मोबाइलवर: फोटो रंगीतच काढा, ऊन असताना, एक्स्पोजर ढगांवर बेतून. मग संपादनात कृष्णधवल करा आणि ज्या अॅपमध्ये रंगांच्या वेगळ्या पट्ट्या असतात त्यात निळ्याची पट्टी खाली आणा, लाल किंचित वर. निळी पट्टी तळापर्यंत ओढली की आकाशात दाणे आणि पट्टे उठतात, कारण निळ्या भागातला गोंगाट उघडा पडतो. अर्ध्या-पाऊण अंतरावर थांबलेलं बरं.

एकाच चित्रपटाचं साल एका यादीत १९४३, दुसरीत १९४४. कुठलं धरायचं? (मुंबई)

काही याद्या चित्रीकरणाचं साल देतात, काही प्रदर्शनाचं. ‘मारिया कांदेलारिया’ १९४३ मध्ये चित्रित झाला आणि जानेवारी १९४४ मध्ये मेक्सिको शहरात लागला. ‘लास आबान्दोनादास’चं चित्रीकरण १९४४ चं, पण त्यात एक भामटा सैन्यातल्या जनरलचा गणवेश घालून वावरतो, त्यावर आक्षेप आला आणि प्रदर्शन १९४५ पर्यंत लांबलं. लेख लिहिताना प्रदर्शनाचं साल द्या आणि तसं सांगा.

पुरस्कारांसाठी हा फरक महत्त्वाचा. मेक्सिकोचे अरिएल पुरस्कार १९४६ मध्ये सुरू झाले, म्हणून तिच्या सर्वांत गाजलेल्या चित्रपटाच्या नावावर अरिएल नाही. अभिनेत्री म्हणून तिला ते तीन वेळा मिळालं: ‘लास आबान्दोनादास’ (१९४६), ‘दोन्या पेर्फेक्ता’ (१९५२) आणि ‘एल निन्यो इ ला निएब्ला’ (१९५४). पुढे १९५८ नंतर हे पुरस्कार बंद पडले आणि १९७२ मध्ये पुन्हा सुरू झाले. त्यामुळे मधल्या काळातल्या चित्रपटांपुढे पुरस्काराची जागा रिकामी दिसते.

चारच चित्रपट पाहायचे तर कोणते आणि कुठल्या क्रमाने? (डोंबिवली)

‘फ्लोर सिल्वेस्त्रे’ (१९४३) पहिला. फर्नांदेस, फिगेरोआ, पटकथाकार मावरिसिओ माग्दालेनो, दोलोरेस आणि आर्मेन्दारिस हा चमू इथे पहिल्यांदा जमला. जमीनदाराचा मुलगा शेतकरी घरातल्या मुलीशी गुपचूप लग्न करतो आणि क्रांती दोघांच्या आयुष्यात शिरते. अनेक जण थेट ‘मारिया कांदेलारिया’ लावतात आणि ती शैली अंगावर येते म्हणून मध्येच सोडतात. आधी हा पाहिला की डोळा सरावतो. दुसरा अर्थात ‘मारिया कांदेलारिया’.

तिसरा ‘ला ओत्रा’ (१९४६), दिग्दर्शक रोबेर्तो गावाल्दोन. आमच्या मते अभिनयात हा तिचा सर्वोत्तम चित्रपट. इथे वेण्या नाहीत, कालवे नाहीत. शहर, रात्र आणि दोन जुळ्या बहिणी: मारिया हातांची नखं कोरून देणारी, माग्दालेना श्रीमंत विधवा. मारिया बहिणीचा खून करून तिची जागा घेते. पण बहिणीसारखी सही कशी करायची? ती तापलेल्या सळीने स्वतःचा उजवा हात भाजून घेते. दुसरीचं सोंग वठवणारी पहिली असा दुहेरी अभिनय दोलोरेस करते, आणि कुठेही ‘बघा, मी आता ती झाले’ असं दाखवत नाही. बेटी डेव्हिसचा १९६४ चा ‘डेड रिंगर’ याच मूळ कथेवरचा आहे. दोन्ही ओळीने पाहा.

चौथा ‘दोन्या पेर्फेक्ता’ (१९५१), दिग्दर्शक आलेहान्द्रो गालिन्दो. गाल्दोसच्या १८७६ च्या स्पॅनिश कादंबरीची गोष्ट मेक्सिकोत आणली आहे. कर्मठ, लाघवी आणि आतून निर्दय आई. ज्या स्थिर चेहऱ्याने मारिया कांदेलारिया सोसत होती, तोच स्थिर चेहरा इथे समोरच्याला गारठवतो. म्हणून हा शेवटी.

‘ला ओत्रा’तल्यासारख्या दोन बहिणी तेव्हा एका चौकटीत कशा आणत? (न्यू जर्सी)

त्या काळाची नेहमीची पद्धत अशी. कॅमेरा तिपाईला पक्का आवळायचा, लेन्ससमोर काळा पडदा लावून अर्धी चौकट झाकायची आणि एक भूमिका चित्रित करायची. फिल्म मागे गुंडाळून दुसरी अर्धी बाजू झाकायची आणि तीच नटी दुसऱ्या वेशात. किंवा दोन्ही अर्धे प्रयोगशाळेत जोडायचे. कॅमेरा केसभर हलला किंवा दोन वेळचा उजेड जुळला नाही तर मधली रेघ थरथरते. म्हणून ती रेघ दाराच्या चौकटीवर, खांबावर किंवा पडद्याच्या कडेवर टाकतात आणि नटीला ती ओलांडू देत नाहीत. जिथे एक बहीण पाठमोरी दिसते तिथे बहुधा बदली नटी उभी असते. हे ओळखायला सोपं: कॅमेरा सरकू लागला की दोघींपैकी एकीचा चेहरा दिसेनासा होतो.

मेक्सिकन अभिनेत्री मारिया फेलिक्सशी तिची स्पर्धा होती ना? दोघी एकत्र आल्या का? (नागपूर)

एकदाच, इस्माएल रोद्रिगेस यांच्या १९५९ च्या ‘ला कुकाराचा’ या रंगीत क्रांतिपटात. फेलिक्स फौजेबरोबर चालणारी तिखट बाई, दोलोरेस प्रतिष्ठित विधवा. चित्रपट फेलिक्सकडे झुकलेला आहे. दोघींच्या वैरावर पानं भरभरून लिहिलं गेलं, पण त्यांच्या कामाची जातच वेगळी: फेलिक्स समोरच्यावर चाल करून जाते, दोलोरेस वाट पाहते. तुलनेपेक्षा हा फरक पाहावा.

१९५० च्या दशकात तिला अमेरिकेत जायला बंदी होती का? (ठाणे)

१९५४ मध्ये ‘ब्रोकन लान्स’साठी तिची निवड झाली होती, पण अमेरिकेत काम करण्याची परवानगी मिळाली नाही. कम्युनिस्टांबद्दल सहानुभूती असल्याचा तिच्यावर संशय होता. भूमिका मेक्सिकन अभिनेत्री केटी हुरादोला गेली आणि तिला त्यासाठी साहाय्यक अभिनेत्रीचं ऑस्कर नामांकन मिळालं. दोलोरेस हॉलिवूडच्या चित्रपटात पुन्हा दिसली ती १९६० च्या ‘फ्लेमिंग स्टार’मध्ये, एल्विस प्रेस्लीची कायोवा (अमेरिकेतली एक आदिवासी जमात) आई म्हणून. म्हणजे तिथला साचा तसाच होता.

मला पोर्तुगीज येतं. सबटायटल्सशिवाय जमेल का? (मडगाव)

वाचायला जमेल, ऐकायला त्रास होईल. स्पॅनिश लिखित रूपात पोर्तुगीजच्या खूप जवळ आहे, म्हणून स्पॅनिशच सबटायटल्स लावून पाहा. ‘मारिया कांदेलारिया’तली माणसं सावकाश, तुटक बोलतात, तिथून सुरुवात करा. ‘दोन्या पेर्फेक्ता’ संवादांवर उभा आहे, तो इंग्रजी सबटायटल्सनेच पाहावा.

आमच्या फिल्म सोसायटीत ‘मारिया कांदेलारिया’ दाखवायचा आहे. आधी काय तपासावं? सबटायटल्स पुढे-मागे होतात त्याचं काय? (सातारा)

पहिली गोष्ट पडद्याचा आकार. हे चित्रपट १.३७ रुंदीला १ उंची या जवळजवळ चौकोनी प्रमाणात आहेत. प्रोजेक्टर ४:३ वर ठेवा, दोन्ही बाजूंना काळे पट्टे दिसले पाहिजेत. पडदा भरावा म्हणून १६:९ ला ताणलं तर माणसं बुटकी होतात. कापून मोठं केलं तर चौकटीची चौथाई उंची जाते, म्हणजे फिगेरोआंचं आकाश आणि दोलोरेसचं कपाळ.

प्रदर्शनाचे हक्क कोणाकडे आहेत ते वेळेत विचारा. शोधताना स्पॅनिश नावच वापरा, इंग्रजी नावं देशागणिक बदलतात. ‘मारिया कांदेलारिया’ अमेरिकेत ‘पोर्ट्रेट ऑफ मारिया’ म्हणून लागला होता. नुसतं ‘द फ्युजिटिव्ह’ शोधलंत तर तिचा १९४७ चा जॉन फोर्डचा चित्रपट सोडून भलतंच हाती येईल.

सबटायटल्ससाठी चित्रपटाची सुरुवात आणि शेवटची दहा मिनिटं, दोन्हीकडे तपासा. दोन्हीकडे अंतर सारखंच असेल तर फक्त विलंब बदला. सुरुवातीला जुळतं आणि पुढे पुढे अंतर वाढत जातं, तर दोष वेगाचा आहे. युरोपातल्या टीव्ही आणि डीव्हीडी प्रती सेकंदाला २४ ऐवजी २५ चौकटींनी चालतात, शंभर मिनिटांचा चित्रपट शहाण्णवाव्या मिनिटाला संपतो. अशा प्रतीसाठी केलेली सबटायटल्स २४ च्या प्रतीवर लावली तर तासाभराने ती संवादाच्या अडीच मिनिटं आधी येतात. त्यांचा वेग २४ भागिले २५, म्हणजे ०.९६ पट करा. उलट असेल, सबटायटल्स मागे पडत असतील, तर २५ भागिले २४, म्हणजे १.०४२. बदल करून पुन्हा शेवटची दहा मिनिटं पाहा.